ग्रहणांमागे धावणाऱ्यांना मराठीत काय म्हणावं? (नाव सुचवा, टी-शर्ट छापायचे आहेत)

उपवनकाठ
नमस्कार मंडळी. घोडबंदर रोडला आमच्या सोसायटीत आकाश बघणाऱ्यांचं एक टोळकं जमलंय. पावसाळा सोडला तर अमावास्येच्या जवळचा शनिवार गाठून वांगणीला जातो. दुर्बीण एकच, भांडणं भरपूर. आता 2 ऑगस्ट 2027 चं खग्रास सूर्यग्रहण बघायला इजिप्तला, लक्सरला जायचं घाटतंय. विमानाच्या तिकिटांचा अजून पत्ता नाही, पण टी-शर्ट मात्र ठरलेत. त्यावर गटाचं नाव हवं.

भाचा म्हणतो, "मावशी, तुम्ही सगळे अंब्राफाइल, तेच छापा." ग्रहणापायी देशोदेशी फिरणाऱ्यांना इंग्रजीत असं म्हणतात म्हणे. तर या शब्दाचा नेमका अर्थ काय, तो आला कुठून, आणि छातीवर मिरवता येईल असा मराठी शब्द कोणता, तेवढं सांगा. अडचण एकच. सासूबाईंनी बजावलंय की घरातल्या कपड्यावर 'ग्रहण' हा शब्द चालणार नाही. "संसाराला ग्रहण लागलं म्हणतात ते काय उगीच?"

जुना नौपाडा
'अंब्रा' लॅटिन, म्हणजे सावली. 'फिलॉस' ग्रीक, म्हणजे आवड असलेला, स्नेही. एकूण, सावलीचा स्नेही. शब्द दिसायला पुरातन, पण कुठल्या रोमन माणसाने तो ऐकला नसेल. आपल्या काळात खगोलवाल्यांनी जुळवलेला आहे. छत्रीला इंग्रजीत जे म्हणतात तेही याच अंब्राचं इटालियनमार्गे आलेलं लेकरू.

खगोलात अंब्रा म्हणजे सावलीचा गडद गाभा, जिथून सूर्य पूर्ण झाकलेला दिसतो. भोवतीची फिकट ती पेनम्ब्रा. हा शब्द केप्लरने 1604 मध्ये केला, 'पेने' म्हणजे जवळजवळ. मराठीत अनुक्रमे प्रच्छाया आणि उपच्छाया. तेव्हा अंब्राफाइल हा सूर्याचा भक्त नव्हेच. चंद्राच्या सावलीचा गाभा पृथ्वीवरून ज्या पट्ट्यातून धावत जातो, तिथे आधीच जाऊन उभा राहणारा माणूस तो. 2027 चा पट्टा साधारण अडीचशे किलोमीटर रुंद आहे आणि तो स्पेनच्या दक्षिण टोकावरून उत्तर आफ्रिका, मक्का, येमेन करत जातो. ठाण्यातून फक्त खंडग्रास. म्हणजे लक्सरला न जाता गच्चीवर बसणारे सगळे 'पेनम्ब्राफाइल'.

सीवूड्स सीमा
मग सरळ 'छायाप्रेमी' करा की ताई!

कळव्याचा कंदील
नको हो. छायाचित्र, छायाचित्रकार हे शब्द डोक्यात इतके बसलेत की लोक लग्नाच्या ऑर्डरी घेऊन येतील. शिवाय आमच्या मजल्यावर छायावहिनी राहतात आणि त्यांचे मिस्टर तापट आहेत.
'सावलीवेडे' पण बाद. मे महिन्यात ठाणे स्टेशनबाहेर रिक्षाच्या रांगेत उभे राहिलेले सगळेच सावलीवेडे असतात.

शब्दखोर
लॅटिनच्या धडाला ग्रीकची शेपटी लावलीय म्हणून काही भाषापंडित अशा शब्दांवर नाक मुरडतात. मला त्यात काही वावगं वाटत नाही. टेलिव्हिजनमध्येही 'टेली' ग्रीक आणि पुढचं लॅटिन. आपल्याकडे जिल्हाधिकारी घ्या. जिल्हा अरबी, अधिकारी संस्कृत, आणि कचेरी व्यवस्थित चालते.

पण उपवनकाठताई, भाच्याचा शब्द छापणार असाल तर प्रूफ नीट तपासा. 'ऑम्ब्रोफाइल' नावाचा वेगळाच शब्द आहे. ग्रीकमध्ये 'ऑम्ब्रॉस' म्हणजे पाऊस, आणि धो धो पावसात तग धरणाऱ्या वनस्पतींना ऑम्ब्रोफाइल म्हणतात. रोमन अक्षरांत दोन स्वर इकडेतिकडे झाले की तुम्ही ग्रहणातून थेट पावसात.

अवांतर: रोमन मेजवानीत निमंत्रित पाहुण्यामागून न बोलावता येणाऱ्यालाही अंब्रा म्हणत. ग्रहणाच्या सहलीला नाइलाजाने येणाऱ्या नवरोबांसाठी वेगळा टी-शर्ट काढता येईल.

ऐरोली लोकल
ऑम्ब्रोफाइल वाचून हसू आलं, कारण 22 जुलै 2009 ला आम्ही दोन्ही होतो. या शतकातलं सर्वांत लांब खग्रास ते, कमाल 6 मिनिटं 39 सेकंद (ती पॅसिफिकवर), आणि आम्ही सुरतेच्या बाजूला छत्र्या धरून उभे. सूर्याचं नखही दिसलं नाही.

तरीही मी त्याला फुकट गेलेली सकाळ म्हणत नाही. नुकतं उजाडलेलं बघता बघता पुन्हा मावळलं. कावळे गप्प झाले, हमरस्त्यावरच्या गाड्यांचे दिवे लागले, आमच्यातला सतत बडबडणारा एक जण बोलायचा थांबला. काही मिनिटांनी एका बाजूने उजेड सरकत आला. सूर्य बघायला गेलेले चिडून परतले. मला वाटलं, सावली तर अंगावरून गेली. म्हणून 'सावलीचा स्नेही' हा अर्थ मला पटतो, सूर्यप्रेमी वगैरे म्हणून भागणार नाही.

आणि गंमत म्हणजे 2027 चं ग्रहण हे त्याचंच पुढचं भावंड. सॅरोस चक्र, म्हणजे तसंच ग्रहण पुन्हा यायला लागणारा काळ, 18 वर्षं 11 दिवस 8 तासांचं. 22 जुलै 2009 मध्ये मिळवून बघा. वरच्या 8 तासांत पृथ्वी आणखी तिसरा भाग फिरते, म्हणून पट्टा पश्चिमेला सरकतो. 2009 चे ढग ज्यांना लागलेत त्यांनी लक्सर सोडू नये. तिथे ऑगस्टात पाऊस म्हणजे बातमी.

उपवनकाठ
सगळ्यांचे आभार. भावंडाचं गणित आजच गटात टाकते, दोघं-तिघं नक्की वळतील. पण नाव अजून कुठाय?

दे दान सुटे गिराण
माझ्या नावाकडे बघा! ही आरोळी ठाण्या-मुंबईत ज्यांनी ऐकली नाही त्यांचं ग्रहण अपुरं. पाठीवर छापा.

सीवूड्स सीमा
लक्सरच्या विमानतळावर 'दे दान' लिहिलेले शर्ट घालून उतरायचं का?

पंचांगवाले काका
मंडळी, शब्द पंचांगात पडलाय आणि तुम्ही ग्रीस-रोम हिंडताय. 'वेध' घ्या.

सूर्यग्रहणाचे वेध चार प्रहर आधी लागतात, चंद्रग्रहणाचे तीन. वेध पाळणाऱ्या घरात हा शब्द सोवळाच आहे, तेव्हा सासूबाईंची हरकत यायचं कारण नाही. दुसरीकडे वेध घेणं म्हणजे निरीक्षण करणं, त्यावरून वेधशाळा. आणि तिसरं, तुम्हाला सध्या लक्सरचे जे लागलेत तेही वेधच. पाळणारा, बघणारा आणि आस लागलेला, तिघेही एका शब्दात येतात. ठरलेल्या तिथीला ठरलेल्या ठिकाणी पोचणारे म्हणून वारकरी, तसे तुम्ही 'वेधकरी'.

पाठीवर काही हवंच असेल तर ग्रहणाच्या पाच अवस्था छापा: स्पर्श, संमीलन, मध्य, उन्मीलन, मोक्ष. संमीलन म्हणजे बिंब पूर्ण झाकलं जाण्याचा क्षण, उन्मीलन म्हणजे पहिली किनार उघडण्याचा. डोळे मिटणं आणि उघडणं या अर्थाचेच शब्द आहेत. संमीलन आणि उन्मीलन फक्त खग्रास असेल तरच, त्यामुळे गच्चीवाल्यांना पाठीवर तीनच शब्द. एवढी शिक्षा हवीच.

शब्दखोर
काका, 'वेधकरी' कानाला गोड आहे, पण अंब्राफाइलमधली सावली कुठे गेली? मूळ गंमत तीच आहे. आर्यभटाने 499 मध्ये लिहून ठेवलंय: "छादयति शशी सूर्यं शशिनं महती च भूच्छाया". चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची मोठी सावली चंद्राला. आपल्याकडे सावली इतकी जुनी असताना ती सोडून द्यायची? माझं मत 'छायावेधी'.

कळव्याचा कंदील
छायावहिनींच्या मिस्टरांना मी काय सांगू?

जुना नौपाडा
मला वेधकरी आवडला. ग्रीक 'एक्लिप्सिस' म्हणजे सोडून जाणं, दिसेनासं होणं. आपलं ग्रहण 'ग्रह्' धातूवरून, म्हणजे पकडणं. त्यांचा सूर्य सोडून जातो, आपला धरला जातो. दोन्हींत तक्रारच. वेधात ती नाही.

16 फेब्रुवारी 1980 आठवतो. कारवार, रायचूरकडे खग्रास आणि इथे खंडग्रास, तरी गोखले रोड भर दुपारी संचारबंदी असल्यासारखा. खिडक्यांना चादरी लावलेल्या. तेव्हा बाहेर उभं राहणाऱ्याला अंब्राफाइल नव्हे, वेगळंच काहीतरी म्हणत असत आणि ते इथे लिहिण्यासारखं नाही.

ऐरोली लोकल
ज्यांना इजिप्त परवडत नाही त्यांनी विजयदुर्ग करा. 1868 च्या ग्रहणात लॉकियर साहेबांना तिथेच हेलियम सापडला, त्यांचे कट्टे अजून आहेत.

पंचांगवाले काका
विजयदुर्ग जरूर करा, पण साल बदलून. 18 ऑगस्ट 1868 ला लॉकियर इंग्लंडात होते. त्या दिवशी गुंटूरला फ्रेंच जान्सन होते आणि लॉकियर यांनी सूर्याच्या ज्वाळांचा वर्णपट ऑक्टोबरात इंग्लंडातून, ग्रहण नसतानाच मिळवला. ते विजयदुर्गावर आले 22 जानेवारी 1898 च्या खग्रासासाठी. त्याच दिवशी सोलापूरकडच्या जेऊरला पुण्याचे कावसजी नायगमवाला दुर्बिणी लावून बसले होते आणि अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे लोकही तिथे होते. म्हणजे आपल्या मुलखातली पहिली वेधकऱ्यांची जत्रा जेऊरला भरली म्हणायची. तिकडे कुणी फिरकत नाही.

सीवूड्स सीमा
ताई, शर्टाचा रंग काळा घेऊ नका, ऑगस्टात लक्सरचा पारा चाळिशीपार असतो आणि मध्य भर दुपारी एकच्या सुमारास आहे. चष्मे आयएसओ 12312-2 चेच घ्या, नाहीतर 14 नंबरची वेल्डिंगची काच. जुने चष्मे उजेडासमोर धरून बघा, ओरखडा दिसला की फेका. खग्रास चालू असेल तेवढीच मिनिटं चष्मा काढायचा.

उपवनकाठ
सासूबाईंना 'वेधकरी' वाचून दाखवलं. त्यांनी विचारलं, "म्हणजे जेवण नाही ना करणार तुम्ही वेधात?" मी हो-नाही काही बोलले नाही. पुढे वेधकरी, मागे पाच शब्द, रंग पांढरा. भाच्यासाठी एका शर्टाच्या बाहीवर बारीक अक्षरात अंब्राफाइल. शब्दखोर, तुमचा छायावेधी मतदानात दोन मतांनी पडला. प्रूफ आलं की इथे टाकते, तेवढं तपासून द्या.

शब्दखोर
टाका. पण निषेध नोंदवून तपासणार.