रे: गोल्फर म्हणजे पैसेवाले?

वरती कोणीतरी लिहिलंय की गोल्फर म्हणजे सगळे पैसेवाले. खरं तसं नाही ओ. आमच्या टिळकवाडीतला एकजण पीजीटीआयच्या, म्हणजे भारतातल्या व्यावसायिक गोल्फ टूरच्या, स्पर्धा खेळायचा, चादरीत गुंडाळलेली बॅग रात्रीच्या बसच्या डिकीत घालून बेंगळूरला जाणार, एन्ट्री फी, कॅडी (बॅग उचलणारा), लॉज सगळं खिशातून, आणि 36 होलनंतर, म्हणजे पहिल्या दोन फेऱ्यांनंतर, कट चुकला (पुढं जाणाऱ्यांत नाव नाही आलं) की एक रुपया हातात नाही, परत तीच बस! एकदा एका शॉटनं हुकून आला तेव्हा ग्लोव्हला अंगठ्यापाशी भोक, नवीन घ्यायचं पुढच्या महिन्यावर. गोल्फर उदयन माने याच टूरवरनं वर आला, टोकियो ऑलिंपिकला गेला, तेही अर्जेंटिनाच्या ग्रिलो नावाच्या गोल्फरनं माघार घेतली म्हणून. आमचा गडी आता पोरांना शिकवतो, त्यात महिन्याला पैसे तरी येतात की.