मधुमालतीले फूल काऊन नाई? (ग्रुप: आपले घरचे)

मोठी वयनी: फोटो पाहा बाप्पा. मधुमालती सपरीच्या टिनावर पार चढली, पानंच पानं, अन् फूल एक नाई. बाजूच्यांची आखाडापासून लदबदून रायली.

बबलू: वयनी, नर्सरीवाल्यानं दुसरीच वेल देली असंन.

आत्या: नाई बे, तीच हाय. पानं जोडीजोडीनं हायेत. सूनबाई, पान गळल्यावर देठाचा खुंट मांगं रायते का? काट्यावानी?

मोठी वयनी: हो आत्याजी, लय टोचते. परवाच हात खरचटला.

आत्या: मंग तीच. त्या खुंटाच्याच आधारानं चढते ती.

काकाजी: पानी कुठचं जाते तिले? खत काय देता?

मोठी वयनी: न्हानीचं पानी दिवसभर जाते काकाजी. शेनखत देतो. अन् बबलूभाऊ युरिया टाकतेत मूठमूठ, पऱ्हाटीतून उरला का.

काकाजी: झालं मंग! बबल्या, पऱ्हाटीले युरिया जास्त झाला तं काय होते?

बबलू: माजते. नुसती उंच जाते, पाला होते, बोंडं कमी.

काकाजी: मंग वेलाचं काय वेगळं हाय? नत्र खाऊन पाल्यातच मस्त हाय ती. युरिया आजपासून बंद. न्हानीचं पानी केळीकडे वळवा, आपली काळी जमीन पावसाळ्यात आधीच चिबडते. अन् टिनावर निंबाची सावली दिसून रायली, त्या दोन फांद्या तोडा. ऊन नसंन तं ही फुलत नाई.

आत्या: छाटली कधी होती?

मोठी वयनी: छाटलीच नाई. जिवावर येते.

आत्या: छाटाच लागते वं. फूल नव्या फुटव्याच्या शेंड्यालेच येते. पन आता मोठी छाटणी नोको, संक्रांत झाल्यावर कर. मोठे दोन-चार खोडं ठेवजो, बाकी बारीक जाळी सारी काढजो. उन्हाळ्यात नवे फुटवे येतेत. आपलं ४५ डिग्रीचं ऊनही सोसते ती, फक्त मुळाशी ओल पाह्यजे.

मामी: आमच्याकडे म्हंतेत वासाच्या वेलावर साप येते. म्हनून मी लावलीच नाई.

काकाजी: वासानं नाई येत वयनी. उंदीर-बेडकापायी येते, अन् बुडाशी पाल्याचा ढीग असंन तं तिथंच बसते. बूड हातभर मोकळं ठेवा, झाडून घ्या. माह्या मते तुम्ही बिनधास्त लावा.

छोटी: वहिनी, फुलं आली की संध्याकाळी बघत बसा. उमलताना पांढरी असतात, दुसऱ्या दिवशी गुलाबी, मग लालभडक. म्हणून एकाच घोसात तिन्ही रंग दिसतात. फुलाची नळी बोटाएवढी लांब असते, तळाशी मध. रात्री लांब सोंडेचे पतंग येतात, दिवसा मधमाश्या अन् फुलपाखरं.

मामी: मंग मलेही एक कलम देजो वं सूनबाई.

आत्या: कलम कायले? बुडातून फुटवे निंगतेत, मुळासकट एक काढून देते ती. खड्ड्यात मुरूम अन् रेती टाकजा, पानी साचू नोका देऊ. अन् मांडव पक्का करजा. पऱ्हाट्यांचा टिकनार नाई, पाइप लावा.

मोठी वयनी: बबलूभाऊ, ऐकलं ना? युरिया नोको.

बबलू: हो वयनी. पन कोठ्यात दोन गोन्या पडून हायेत, त्याचं काय करू?

काकाजी: दोन गोन्या? मूठमूठ उरते म्हने ना? पऱ्हाटीले दुसरा हप्ता देला का नाई तूनं?

काकाजी: बबल्या?

बबलू: जेवून येतो काकाजी.