कामगारांवरचा लघुपट: भाषण आणि कीव कशी टाळावी?

प्रश्न – ओतशाळा
माझ्या वडिलांनी कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरातील एका फौंड्रीत आयुष्यभर मोल्डिंग, म्हणजे धातू ओतण्यासाठी वाळूचे साचे करण्याचे काम केले. अशा कामगारांवर वीस मिनिटांचा लघुपट करायचा आहे. परंतु लिहिलेला प्रत्येक प्रसंग एक तर भाषण होतो, नाहीतर कीव मागतो. ब्रिटिश दिग्दर्शक केन लोच यांच्या ‘आय, डॅनियल ब्लेक’ (२०१६) या चित्रपटात दोन मुलांची उपाशी आई गरजूंना मोफत धान्य देणाऱ्या केंद्रात आली असता तिथेच डबा फोडून हाताने खाते आणि मग शरमेने रडते. तो प्रसंग पाहताना मला कीव नव्हे, संताप आला. हे त्यांना कसे साधते?

उत्तर – पंचगंगाकाठ
मला वाटते, त्याचे मूळ त्यांच्या चित्रीकरणाच्या रीतीत आहे. लोच शक्यतो कथेच्या क्रमानेच चित्रीकरण करतात आणि नटांना पटकथा एकदम हाती न देता थोडी थोडी देतात. त्यामुळे पुढे काय वाढून ठेवले आहे हे पात्राइतकेच नटालाही ठाऊक नसते. कॅमेरा बहुधा खोलीच्या कोपऱ्यात उभ्या असलेल्या माणसासारखा, डोळ्यांच्या उंचीवर आणि थोडा लांब असतो. दुःख दिसताच तो चेहऱ्यावर धावून जात नाही, आणि माझ्या मते माणसाचा मान राखला जातो तो इथेच. दुसरे असे की चित्रपटाचा नायक डॅनियल हा आधी हातात कसब असलेला सुतार आहे, पीडित नंतर. तुमच्या वडिलांना साच्यातील वाळूची ओल मुठीत दाबून कळत असेल, तर आधी ती मूठ दाखवा.

उत्तर – रंकाळ्यावरून
भाषेकडेही लक्ष द्यावे. लोच यांच्याच ‘केस’ (Kes, १९६९) मधील मुलगा इंग्लंडमधील बार्न्सलीच्या खाणपट्ट्यातला असून तिथल्याच बोलीत बोलतो. अमेरिकेसाठी काही संवाद पुन्हा ध्वनिमुद्रित करावे लागले, तरी मूळ बोली त्यांनी सोडली नाही. आपल्याकडे मात्र कोल्हापुरी बोली पडद्यावर आली की ती बहुतेक वेळा हशा पिकवण्यासाठीच येते, याचे मला मनापासून वाईट वाटते.

उत्तर – जुना स्टुडिओ
यासाठी इतके लांब जाण्याचीही गरज नाही. दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांनी १९२५ मध्ये याच गावात ‘सावकारी पाश’ हा चित्रपट केला. सावकाराच्या कचाट्यात जमीन गमावून शहरात गिरणी कामगार झालेल्या तरुण शेतकऱ्याची भूमिका त्यात व्ही. शांताराम यांनी केली होती. अंधुक उजेडातील झोपडी आणि रडणारे कुत्रे, एवढ्यावर त्यातील एक प्रसंग उभा होता असे वर्णन वाचायला मिळते. मूकपट असल्यामुळे भाषणाची सोयच नव्हती. आपणही पहिला खर्डा संवादांशिवाय लिहून पाहावा.

ओतशाळा
सर्वांचे मनापासून आभार. आज वडिलांना वाळूबद्दल विचारले. त्यांनी काही न सांगता अंगणातल्या कुंडीतली ओली माती मुठीत घट्ट दाबली, मूठ उघडली आणि बोटांचे ठसे उमटलेला तो गोळा माझ्या हातावर ठेवला. पहिला प्रसंग हाच घेणार आहे.