वर्षातून दोनदा सरकणारा तास : तुमचे अनुभव

न्यू जर्सी (धाग्याची सुरुवात)
येत्या रविवारी पहाटे दोन वाजता इथली घड्याळे पुन्हा एक तास मागे जातील, आणि दरवर्षी याच सुमारास मला आजोबांचे बोलणे आठवते. महायुद्धामुळे १ सप्टेंबर १९४२ पासून १५ ऑक्टोबर १९४५ पर्यंत हिंदुस्थानातही घड्याळे एक तास पुढे केलेली होती. आजोबा तेव्हा शाळेत होते आणि थंडीच्या दिवसांत अंधारातच दप्तर घेऊन निघावे लागे, असे ते सांगत. आम्हा मुलांना ती परीकथाच वाटायची. सूर्य जिथल्या तिथे असताना सरकारच्या हुकमाने वेळ पुढे जाते, हे खरे कसे असेल? आज मात्र मार्चच्या दुसऱ्या रविवारी एक तास नाहीसा होतो आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी तो परत मिळतो, हे माझ्या अंगवळणी पडले आहे. या तासाने ज्यांच्या घरात काही हलवले असेल, त्यांनी अवश्य लिहावे.

शिकागो
मी रात्रपाळीची परिचारिका आहे. संध्याकाळी सात ते सकाळी सात ही पाळी त्या रात्री तेरा तासांची होते, कारण एक ते दोन हा तास दोनदा येतो. एक वाजून चाळीस मिनिटांनी रुग्णाचा ताप पाहावा, अर्ध्या तासाने पुन्हा पाहावा, तर घड्याळात एक वाजून दहा मिनिटे झालेली असतात आणि नंतरची नोंद आधीची दिसू लागते. म्हणून आमच्या विभागात तास पहिला की दुसरा, हे प्रत्येक नोंदीपुढे लिहिण्याची पद्धत आहे. त्या तासात जुळी जन्मली, तर थोरले बाळ कागदोपत्री धाकटे ठरू शकते.

मुंबई
मुंबईत तर युद्धाच्या आधीपासूनच दोन वेळा नांदत होत्या. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, तरी मुंबईने स्वतःची वेळ सोडली नाही. ती ३९ मिनिटे मागे होती आणि १९५५ पर्यंत टिकली. माझी आत्या सांगत असे की कार्याचे बोलावणे आले, की ‘मुंबई टाइम की स्टँडर्ड टाइम’ हे विचारूनच माणसे घराबाहेर पडत.

पुणे
आपल्याकडे घड्याळ हलत नाही, पण आयटीत काम करणाऱ्यांच्या घरातले जेवण हलते. न्यूयॉर्कमधली सकाळी साडेनऊची मीटिंग हिवाळ्यात आमच्या रात्री आठला असते आणि मार्चनंतर सातला, त्यामुळे उन्हाळ्यात मुलाला मी स्वतः भरवून झोपवू शकते. मार्चमधले दोन-तीन आठवडे मात्र फार ओढाताणीचे जातात, कारण युरोपातली घड्याळे त्या महिन्याच्या शेवटच्या रविवारी पुढे जातात आणि तोवर लंडन व न्यूयॉर्क यांच्यात पाचऐवजी चारच तासांचे अंतर राहते.

नाशिक
२०२४ ची भाऊबीज ३ नोव्हेंबरला होती आणि नेमकी त्याच पहाटे अमेरिकेतली घड्याळे मागे गेली. दादाचा व्हिडिओ कॉल त्याच्या सकाळी आठला, म्हणजे आमच्या संध्याकाळी साडेपाचला येईल, असे आम्ही धरून चाललो होतो. ताटात सुपारी, अक्षता आणि बाबांची अंगठी ठेवून, निरांजन लावून आई माझ्या शेजारी बसली. सहा वाजले तरी फोन नाही. विझू नये म्हणून तिने निरांजनात दोनदा तूप घातले. साडेसहाला दादा हसऱ्या चेहऱ्याने समोर आला. त्याच्या घड्याळात बरोबर आठच वाजले होते.

न्यू जर्सी
ताई, वाचताना डोळे भरून आले. आईंना माझा नमस्कार सांगा.

फिनिक्स
ॲरिझोनात घड्याळ बदलत नाही, कारण ४० अंशांच्या वरच्या उन्हाळ्यात संध्याकाळचे ऊन तासभर लांबलेले इथे कोणालाच नको असते. पण राज्याच्या ईशान्येला असलेल्या नवाहो लोकांच्या प्रदेशात ते बदलते, त्यामुळे राज्य न ओलांडताही वेळ एक तास पुढे जाते. आईबाबांना तिकडे नेले, तेव्हा बाबांनी मनगटावरचे घड्याळ भारताच्याच वेळेवर ठेवले होते, आणि औषधांच्या वेळा त्यांनी त्यावरच पाळल्या.

मेलबर्न
आमच्याकडे सारे उलट आहे. ऑक्टोबरच्या पहिल्या रविवारी घड्याळ पुढे जाते आणि एप्रिलच्या पहिल्या रविवारी मागे येते. माझी मुलगी लंडनला असते, त्यामुळे आमच्यातले अंतर कधी नऊ तासांचे, कधी दहाचे, तर कधी अकराचे होते. तिच्या सकाळी नऊला ती नातीला तेल लावायला घेते आणि फोन समोर ठेवते. तेव्हा माझ्याकडे जूनमध्ये संध्याकाळचे सहा आणि डिसेंबरमध्ये रात्रीचे आठ वाजलेले असतात. तिच्या वेळेचे एक वेगळे घड्याळ मी ओट्याच्या वर टांगले आहे.

लंडन
काकू, आमचेही बाळ आठ महिन्यांचे आहे. घड्याळ मागे गेल्यापासून ते सहाऐवजी पाचलाच उठून बसते आणि त्याला पुन्हा निजवणे अशक्य होते. यावर कोणी काही उपाय केला आहे का?

शिकागो
माझ्या दोन्ही मुलांच्या वेळी उपयोग झाला तो असा : रात्री झोपवण्याची वेळ रोज दहा मिनिटांनी पुढे ढकलावी, संध्याकाळी दिवा जरा जास्त वेळ लावून ठेवावा आणि पहाटे खोलीत अंधार ठेवावा. साधारण आठवड्याभरात फरक पडतो. पुढच्या वर्षी हे आधीच्या सोमवारपासून सुरू करा.