कासच्या पठारावर गुरं हवीत की नकोत?

पायवाट: फुलं जपायला कासला कुंपण आलं, गुरांची चराई थांबली. पुढे ते कुंपण काढलंही. माझं मत सरळ आहे, गुरांना पुन्हा चरू द्या. सीतेची आसवं बघा. जेमतेम वीतभर देठ, टोकाला इवली जांभळी फुलं. शेजारचं गवत गुडघ्याएवढं झालं की तिला ऊनच मिळत नाही.

जांभा_खडक: साफ असहमत. ही वनस्पती कीटकभक्षी आहे हे विसरताय. तिला खरी मुळं नसतात. ओल्या मातीत बारीक बारीक फुगे असतात. पाण्यातला सूक्ष्म जीव फुग्याच्या तोंडावरच्या केसाला टेकला, की डोळ्याचं पातं लवायच्या आत गडप. हा खटाटोप कशासाठी? जांभ्यावरच्या बोटभर मातीत नत्राचा दुष्काळ असतो म्हणून. इतर झाडं तिथं उपाशी राहतात, त्यामुळे हिचं फावतं. शेणाचा पो पडला की चंगळ गवताची. शिवाय चिखलात खूर रुतले की फुग्यांचं जाळं तुटतं ते वेगळंच.

गुराख्याचा_नातू: शेण शेण काय लावलंय राव? आमच्या आज्यानं तिथंच गुरं राखली, तवा बी फुलं होतीच की. गाय गवत खाती म्हंजी त्यातलं नत्र बी घेऊन जाती, आन् रातच्याला शेण टाकती गोठ्यात. त्ये बी हिशोबात धरा.

जांभा_खडक: हा मुद्दा बिनतोड आहे, मानलं. खुरांचं मात्र उत्तर आलं नाही.

चष्मिष्ट: गुरं राहू द्या, माणसांचं बोला. गेल्या रविवारी एक कुटुंब गेंदाच्या पांढऱ्या फुलांच्या गालिच्यात फतकल मारून फोटो काढत होतं. गुराला हाकललं तर ते उठतं तरी.

पायवाट: वेगळा धागा काढा हो त्यासाठी. खडकराव, मी बारमाही चराई म्हणत नाहीये. हे पावसाळी रोप, बी झडल्याशिवाय पुढच्या वर्षी उगवायचं नाही. तेव्हा नोव्हेंबरपासून गुरं सोडावीत.

जांभा_खडक: मग सावलीचा मुद्दा कुठे गेला? गवत वाढतं पावसात, तुम्ही गुरं आणणार ते वाळल्यावर!

गुराख्याचा_नातू: नोव्हेंबरात काय कुसळं खायची व्हय? आजा सांगायचा, पावसाच्या तोंडाला कवळं गवत असतं तवाच गुरं घालायची. गौरी-गणपतीला फुलं वर आली की वळवायची दुसऱ्या अंगाला.