गेल्याचं कळलं कधी, उमजलं कधी?

फ्रेंच कवी व्हिक्टर ह्यूगोची थोरली लेक लिओपोल्दिन ४ सप्टेंबर १८४३ रोजी सेन नदीत होडी उलटून गेली. वय १९. लग्नाला सात महिनेही झाले नव्हते; तिला वाचवू पाहणारा नवराही बुडाला. बाप तेव्हा प्रवासात होता. पाच दिवसांनी रोशफोर गावी एका कॅफेत टेकला, वर्तमानपत्र उचललं आणि त्यात ही बातमी. पुढे १८५६च्या कवितासंग्रहात त्याने एके ठिकाणी नुसती ती तारीख ठेवली आणि खाली टिंबांची ओळ. शब्द नाहीत. मला मात्र राहून राहून आठवतात ते मधले पाच दिवस. ती नव्हती, आणि बापाच्या लेखी अजून होती.

माझं उलटं झालं. बाबा गेले तेव्हा मी शेजारीच होतो, हातात हात होता. पुढचं सगळं नीट पार पाडलं. फोन केले, कागद जमवले, बँकेत जाऊन आलो. लोक म्हणाले, खंबीर आहे हो. सात आठवड्यांनी एका रात्री घरातली लाइट गेली. काहीतरी ट्रिप झालं असेल म्हणून मोबाइलच्या उजेडात मीटरची पेटी उघडली. प्रत्येक बटणाखाली बाबांच्या अक्षरातली कागदाची पट्टी. ‘मागची खोली’, ‘पंखे’, ‘पंप’. शेवटच्या पट्टीवर ‘हे आधी बघ’.

बघ. ‘बघावे’ नाही, ‘बघा’ नाही. घरात ते अरेतुरे करतील असा मी एकटाच. तिथेच फरशीवर बसलो. दिवे बऱ्याच उशिरा लावले.

तर विचारायचं ते एवढंच. तुम्हाला बातमी कधी कळली आणि ती खरी कधी झाली? बापाबद्दल लिहा, स्वतः बाप म्हणून लिहा, कसंही. आईवर आपण भरभरून लिहितो, बापावर लिहायचं म्हटलं की घसा खाकरतो.

*

बाप म्हणून लिहितो. सातव्या महिन्यात बाळ गेलं. तिची चौकशी सगळ्यांनी केली, करायलाच हवी होती. माझ्याकडे यायचे ते ‘तिला सांभाळ’ म्हणायला. सांभाळलं.

वर्षभराने ऑफिसच्या एका फॉर्मवर ‘अपत्ये’ असा रकाना आला. ० लिहिलं, खोडलं. १ लिहिलं, खोडलं. शेवटी दुसरा कोरा फॉर्म आणला आणि तेवढा रकाना मोकळा सोडला. खाडाखोड झालेला अजून माझ्या खणात आहे.

१९३५ साली लेक सरोज गेल्यावर हिंदी कवी निरालांनी ‘सरोज-स्मृति’ ही कविता लिहिली. हाती पैसा नव्हता, तिच्यासाठी काही करता आलं नाही, म्हणून ते त्यात स्वतःला निरर्थक पिता म्हणवतात. कॉलेजात ही कविता परीक्षेपुरती वाचली होती. शोकगीत, वैशिष्ट्ये सांगा, गुण दहा. तो शब्द तेव्हा नजरेखालून निसटला होता. आता त्याच्यापुढे वाचणं होत नाही.

*

माझे वडील आहेत. म्हणजे, आहेत. स्मृतिभ्रंश, चौथं वर्ष.

मध्यंतरी गेले तर त्यांनी अदबीने खुर्ची पुढे केली, पाणी विचारलं आणि म्हणाले, “आपण कुणाच्या?” नाव सांगितलं की ते आधी ओशाळतात, मग चिडतात, हे आता पाठ झालंय. म्हणून म्हटलं, वडील मोजणी खात्यात होते.

एकदम खुलले. “चांगलं खातं. फिरती फार, पण चांगलं. स्वभाव कसा वडिलांचा?”

म्हटलं, तापट.

“असणारच. उन्हातलं काम.”

मला हसूच आलं, खरंच. रडू आलं ते परतताना गाडीत, आणि तेही त्या ‘आपण’वरून. वरचं ‘बघ’ वाचलं म्हणून लिहावंसं वाटलं.

*

दुःख झालं नाही, असंही इथे चालेल ना?

लेखक काफ्काने १९१९मध्ये वडिलांना लांबलचक पत्र लिहिलं, आईच्या हाती दिलं, आणि ते वडिलांपर्यंत गेलंच नाही. लोक हळहळतात. मला वाटतं आईने उपकार केले. माझं पत्र पोचलं. शुद्धलेखनाच्या चुका लाल पेनने दुरुस्त होऊन परत आलं, वर एक ओळही नाही. अकरा वर्षांनी ते गेल्याचा फोन आला, मी ‘बरं’ म्हटलं. उमजायचं काही शिल्लक नव्हतं.

चुका मात्र खऱ्या होत्या. तेव्हापासून ‘आणि’तला णि मी दीर्घ काढलेला नाही.

*

‘इलियड’ या ग्रीक महाकाव्याच्या शेवटी ट्रॉयचा म्हातारा राजा प्रायम रात्री शत्रूच्या तळावर जातो. ज्याने मुलाला, हेक्टरला मारलं त्या अकिलिसच्या हातांचं चुंबन घेऊन मुलाचं शव मागतो. मग दोघे रडतात. पण प्रायम रडतो हेक्टरसाठी, आणि अकिलिस आपल्या दूर राहिलेल्या बापासाठी, मध्येच मेलेल्या मित्रासाठी. रडतात एकत्र, पण ज्याचं त्याचं माणूस वेगळं.

धाकटा भाऊ आणि मी घराच्या वाटणीवरून नऊ वर्षं बोलत नव्हतो. अण्णांचं कपाट आवरायला दोघांनाही जावं लागलं. त्यांची घडी घातलेली शाल हातात घेऊन तो म्हणाला, “मला गोष्ट सांगता सांगता स्वतःच आधी झोपायचे रे.” मी बघतच राहिलो. अण्णा? गोष्ट? माझ्या वाट्याचे अण्णा कर्जात बुडालेले. संध्याकाळी दाराची कडी वाजली की घर चिडीचूप. आमच्यात आठ वर्षांचं अंतर, त्याला कळायला लागेपर्यंत कर्ज फिटलं होतं. त्याचे वडील मला त्या दुपारी पहिल्यांदा दिसले. जरा हेवाच वाटला, खोटं कशाला बोलू.

(वाटणी अजून झालेली नाही. गैरसमज नको. पण फोन उचलतो आता.)

*

आईने दुसरं लग्न केलं तेव्हा मी नऊ वर्षांची होते. त्यांना शेवटपर्यंत ‘काका’च म्हटलं, त्यांनी कधी हरकत घेतली नाही. ऑपरेशनच्या संमतीपत्रावर ‘रुग्णाशी नातं’ होतं, तिथे ‘मुलगी’ लिहिलं. कागद बराच वेळ त्यांच्या उशाशी पडून होता. चष्मा मात्र माझ्या पर्समध्ये होता.

*

पेटीतल्या पट्ट्यांबद्दल. त्यांवर आजच पारदर्शक चिकटपट्टी लावून टाका. आमच्याकडे वडिलांनी खोक्यांवर स्केचपेनने लिहिलेली नावं दोन उन्हाळ्यांत उडाली. बॉलपेन असेल तर जरा टिकेल. आधी फोटो काढा. आणि हो, मेन स्विच बंद करून.