शब्दचर्चा: ‘अनसीडेड ट्रॅडिशनल टेरिटरी’ला मराठीत नेमके काय म्हणावे?

कॅनडातल्या व्हँकुव्हरमध्ये बहुतेक सार्वजनिक कार्यक्रमांच्या आरंभी एक छोटे निवेदन वाचले जाते. हे शहर मस्क्विअम, स्क्वामिश आणि त्स्ले-वाटूथ या तीन लोकसमूहांच्या ‘ट्रॅडिशनल, ॲन्सेस्ट्रल अँड अनसीडेड टेरिटरी’वर, म्हणजे पूर्वजांपासून चालत आलेल्या आणि कोणाच्याही हवाली न केलेल्या प्रदेशावर वसलेले आहे, असे त्यात सांगितलेले असते. शहराच्या महापालिकेने २०१४ साली ठराव करून हे अधिकृतपणे मान्य केले. आमच्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवासाठी हे निवेदन मराठीत तयार करण्याचे काम माझ्याकडे आले आणि एका वाक्यातल्या तीन-चार शब्दांपाशी मी अडले. माझी आतापर्यंतची मते मांडते. जाणकारांनी दुरुस्ती करावी, ही विनंती.

पहिला प्रश्न लोकांना काय म्हणावे, हा आहे. ‘रेड इंडियन’ हा आपल्या जुन्या पाठ्यपुस्तकांतला शब्द आता पूर्णपणे सोडून द्यावा, याबद्दल दुमत नसावे. ‘टोळी’ हा शब्दही नको, कारण आजच्या मराठीत टोळी दरोडेखोरांची असते. ‘आदिवासी’ हा शब्द चुकीचा नाही. दर ९ ऑगस्टला पालघरपासून नंदुरबारपर्यंत जो जागतिक आदिवासी दिन साजरा होतो, तो संयुक्त राष्ट्रांनी ‘इंडिजिनस’ म्हणवल्या जाणाऱ्या जगभरच्या लोकांसाठीच ठरवलेला आहे. मात्र ‘आदिवासी’ म्हटल्याबरोबर मराठी वाचकाच्या डोळ्यांसमोर डोंगर, जंगल आणि पाडा येतो, आणि हे तर समुद्राचे लोक आहेत. सॅमन माशावर जगणारे, सीडर वृक्षाच्या एका खोडातून लांबलचक होड्या कोरणारे आणि त्याच लाकडाच्या फळ्यांची प्रशस्त घरे बांधणारे. ‘मूलनिवासी’ या शब्दाला आपल्याकडे एका स्वतंत्र सामाजिक चळवळीचा संदर्भ आहे, त्यामुळे ऐकणाऱ्याचे लक्ष वेगळ्याच वादाकडे जाण्याचा संभव आहे.

येथील लोक स्वतःसाठी ‘फर्स्ट नेशन्स’ असा शब्द वापरतात. वृत्तपत्रांत त्याचे ‘प्रथम राष्ट्रे’ असे भाषांतर कधीकधी दिसते, परंतु ‘प्रथम’ म्हटले की स्पर्धेतला क्रमांक ऐकू येतो. त्यापेक्षा ‘आद्य राष्ट्रे’ मला अधिक योग्य वाटते. तरीही शक्य तेथे त्या त्या लोकांचे स्वतःचे नावच आधी यावे, असे माझे मत आहे. त्स्ले-वाटूथ या नावाचा अर्थच ‘खाडीचे लोक’ असा आहे, आणि मस्क्विअम हे नाव फ्रेझर नदीच्या मुखाशी उगवणाऱ्या एका गवतासारख्या वनस्पतीवरून आलेले आहे. नावातच ठिकाण असलेल्या लोकांना सरसकट एका समूहवाचक शब्दात बसवले, तर निवेदनाचा हेतूच हरवतो.

दुसरा शब्द ‘ट्रॅडिशनल’. याला ‘पारंपरिक’ म्हणण्याचा मोह होतो, पण मराठीत आज पारंपरिक म्हणजे सणासुदीला नेसायची नऊवारी. ‘पारंपरिक प्रदेश’ असे म्हटल्यास हा प्रदेश कधीतरी आठवण म्हणून मिरवायचा आहे, असे वाटते. ‘वडिलोपार्जित’ हा शब्द कुटुंबाच्या मालमत्तेला लागतो, संपूर्ण लोकसमूहाला नाही. सध्या मी ‘पूर्वापार’ या शब्दापाशी थांबले आहे.

तिसरा आणि सर्वांत कठीण शब्द ‘अनसीडेड’. कोशांच्या आधाराने कोणीतरी ‘असमर्पित’ असे सुचवले, परंतु मराठीत समर्पण देवाला किंवा ध्येयाला होते, त्यामुळे ‘असमर्पित भूमी’ म्हणजे निष्ठा नसलेली भूमी, असा भलताच अर्थ निघतो. या शब्दात जी गोष्ट सांगायची आहे, ती अगदी व्यवहारातली आहे. इंग्रजांनी व्हँकुव्हर बेटावर (व्हँकुव्हर शहर या बेटावर नसून समोरच्या मुख्य भूमीवर आहे) १८५० ते १८५४ या काळात तेथल्या लोकांशी १४ छोटे तह केले. मुख्य भूमीच्या ईशान्य कोपऱ्यात १८९९ साली आठव्या क्रमांकाचा तह झाला. त्याखेरीज ब्रिटिश कोलंबिया या आमच्या प्रांताचा फार मोठा भाग कोणताही तह न करता, युद्धात जिंकून न घेता आणि विकतही न घेता वसाहतीच्या नकाशात सामील केला गेला. हे सगळे एका विशेषणात आणायचे आहे.

प्रतिसाद १

आपण मांडलेला प्रश्न आपल्या जुन्या कागदपत्रांच्या भाषेत सहज सुटतो, असे मला वाटते. ऐतिहासिक पत्रव्यवहारात ‘मुलूख तोडून देणे’ हा ठरलेला वाक्प्रचार आहे. एका सत्तेने तहाच्या अटीनुसार आपल्या ताब्यातला प्रदेश दुसऱ्या सत्तेला दिला, की तो ‘तोडून दिला’ असे म्हणत. १६६५ च्या पुरंदरच्या तहात महाराजांनी २३ किल्ले आणि ४ लाख होनांच्या उत्पन्नाचा मुलूख मोगलांना दिला, हे आपण सगळे शाळेत शिकलो. ‘सीड’ या क्रियापदाचा अर्थ नेमका हाच आहे. तेव्हा ‘अनसीडेड टेरिटरी’ म्हणजे ‘तोडून न दिलेला मुलूख’.

‘मुलूख’ हा शब्दही ‘प्रदेश’पेक्षा चांगला आहे, कारण प्रदेश हा भूगोलाच्या पुस्तकातला असतो, तर मुलूख नेहमी कोणाचा तरी असतो. दोन व्यक्तींमधल्या व्यवहाराची उपमा हवी असल्यास आजच्या दस्तऐवजांत ‘हक्कसोडपत्र’ आहेच. मस्क्विअम लोकांनी असे कोणतेही हक्कसोडपत्र लिहून दिलेले नाही, एवढे सांगितले तरी गावाकडच्या माणसाला विषय तत्काळ कळेल.

प्रतिसाद २

मी ‘अदत्त’ हा शब्द सुचवतो. तत्त्वार्थसूत्र या जैन ग्रंथात ‘अदत्तादानं स्तेयम्’ अशी चोरीची व्याख्या आहे. जे दिलेले नाही ते घेणे म्हणजे चोरी. ‘अदत्त भूमी’ या दोन शब्दांत संपूर्ण इतिहास येतो. तसेच ‘आद्य राष्ट्रे’ऐवजी ‘जन’ आणि त्यांच्या मुलखाला ‘जनपद’ म्हणता येईल काय, याचाही विचार व्हावा. जनाने जेथे पाय रोवला ते जनपद, अशी त्याची व्युत्पत्ती आहे, आणि लोक व जागा यांचे नाते त्या शब्दात मुळातच आहे.

प्रतिसाद ३

वरच्या चर्चेत सगळे जण जमिनीबद्दलच बोलत आहेत, म्हणून लिहिते. आम्ही वसईकडचे मच्छीमार. आमच्याकडे डोल जाळी लावण्यासाठी समुद्रात खुंट ठोकलेले असतात, त्या जागेला ‘कव’ म्हणतात. कोणती कव कोणाची, हे वाडवडिलांपासून ठरलेले असते, आणि एका बंदराच्या लोकांनी दुसऱ्यांच्या हद्दीत कवी मारल्या की मोठे वाद होतात. पालघर आणि वसई-उत्तन भागांतल्या मच्छीमारांमधले असे वाद वृत्तपत्रांतही येतात. पाण्यावर सातबारा नसतो, पण हद्द असते. किनाऱ्यावरच्या लोकांबद्दल ‘भूमी’ हा शब्द वापरला, तर त्यांचा अर्धा मुलूख वगळल्यासारखे होईल. तेथील लोकांचा हक्क पाण्यावर कसा होता, हे आपण लिहिल्यास बरे होईल.

धागाकर्तीचा प्रतिसाद

तिघांचेही मनापासून आभार. समुद्रातल्या कवींचा मुद्दा माझ्या लक्षातच आला नव्हता, त्यामुळे उत्तर तेथूनच सुरू करते.

ताई, आपण म्हणता ते या किनाऱ्यालाही तंतोतंत लागू आहे. १९८४ साली एका मस्क्विअम मच्छीमारावर फ्रेझर नदीच्या मुखाशी मासेमारी करताना खटला भरला गेला. आरोप असा होता, की परवान्यात २५ वाव (एक वाव म्हणजे सुमारे सहा फूट) जाळ्याची मर्यादा असताना त्यांचे जाळे ४५ वाव लांबीचे होते. प्रकरण कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १९९० साली न्यायालयाने सांगितले, की मस्क्विअम लोकांचा अन्नासाठी आणि विधींसाठी मासे धरण्याचा हक्क पूर्वापार आहे, सरकारी नियमांनी तो संपलेला नाही आणि १९८२ च्या राज्यघटनेने त्याला संरक्षण दिले आहे. स्पॅरो या नावाने हा निकाल ओळखला जातो. जाळ्याच्या लांबीवरून सुरू झालेला खटला एका लोकसमूहाच्या पाण्यावरच्या हक्कापर्यंत पोहोचला.

आणखी एक गोष्ट मी स्वतः पाहिलेली आहे. येथून उत्तरेला क्वाड्रा बेटाच्या आसपास सुकतीचे पाणी अगदी खाली गेले, की किनाऱ्याला समांतर अशी गुडघ्याएवढ्या दगडांची बुटकी रांग उघडी पडते. पहिल्यांदा पाहताना ती लाटांनी लोटून आणलेली वाटते. नीट पाहिल्यावर लक्षात येते, की मोठे दगड बाहेरच्या बाजूला रचलेले आहेत आणि आतल्या बाजूला वाळू भरून उताराची सपाट पायरी झालेली आहे. आपल्याकडच्या तिसऱ्यांसारखे शिंपले त्या सपाट वाळूत भरपूर वाढतात. हे माणसांनी बांधलेले शिंपल्यांचे वाफे आहेत, आणि त्यांतले काही किमान ३,५०० वर्षांपूर्वीचे असल्याचे संशोधनातून दिसून आले आहे. भरती आली की सगळे पुन्हा पाण्याखाली जाते. वसाहतीच्या मोजणीदारांनी हा किनारा ‘रिकामा’ म्हणून नोंदला, तेव्हा ही शेती त्यांच्या नकाशाच्या रेषेखाली होती. म्हणून ‘भूमी’ हा शब्द मी काढून टाकत आहे.

‘मुलूख’ आणि ‘तोडून न दिलेला’ हे दोन्ही शब्द मी स्वीकारते. ‘अदत्त’ हा शब्द मला अतिशय आवडला, आणि लेखात तो वापरावा असेही वाटते. परंतु सभागृहात एकदाच ऐकून कळायला हवे, या कसोटीवर तो टिकत नाही. ‘जनपद’ म्हटल्यावर बहुतेकांना सोळा महाजनपदे आठवतील आणि हे लोक अडीच हजार वर्षांपूर्वी होऊन गेले, असे वाटेल. नेमका हाच समज टाळायचा आहे.

मधल्या काळात ‘वतन’ या शब्दाचाही मी विचार केला, आणि त्याबद्दल थोडे सविस्तर लिहावेसे वाटते. व्हँकुव्हर बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावर नू-चा-नुल्थ लोक राहतात. कॅप्टन कुक १७७८ साली तेथे उतरला आणि त्यांना ‘नूटका’ असे नाव पडले. त्यांनी आज घेतलेल्या नावाचा अर्थ डोंगर आणि समुद्राच्या कडेचे लोक, असा आहे. त्यांच्या भाषेत प्रमुखाच्या मुलखाला जो शब्द आहे, तो देवनागरीत साधारणपणे ‘हहूल्थी’ असा लिहिता येईल, जरी त्यातला ‘ल्थ’ हा ध्वनी मराठीत नाही. या शब्दात जमीन, नद्या आणि समुद्र तर येतातच, पण त्या घराण्याची गाणी, नृत्ये, नावे आणि लोकांना सांभाळण्याची जबाबदारीही येते. मराठीत यांतले बरेचसे एकत्र सांगणारा शब्द ‘वतन’ हाच आहे. पाटीलकीच्या वतनात जमिनीबरोबर मानपानही लिहिलेले असत: पोळ्याला कोणाचा बैल पुढे असावा, होळीला पहिली पोळी कोणाची. हक्क, काम आणि मान एकाच शब्दात.

तरीही मी ‘वतन’ वापरणार नाही. वतनामागे राजाची सनद असते, आणि हहूल्थी कोणत्याही राजाने दिलेली नाही. सनद मागणारे सरकार येण्यापूर्वीच ती होती. शिवाय वतन हा शब्द सगळ्यांच्या कानाला सारखा लागत नाही. महार वतनाने माणसांना पिढ्यानपिढ्या वेठीला बांधले. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात त्याविरुद्ध विधेयक मांडले. मुक्ततेच्या निवेदनात तो शब्द नको.

एक व्याकरणाचा मुद्दा राहिला, आणि माझ्या दृष्टीने तो सर्वांत महत्त्वाचा आहे. माझ्या पहिल्या मसुद्यात ‘हा मुलूख या लोकांचा होता’ असे लिहिले गेले होते. मराठीत इतिहास सांगताना हात आपोआप भूतकाळाकडे जातो. परंतु जे तोडून दिलेले नाही, ते ‘होते’ कसे असेल? ब्रिटिश कोलंबिया सरकारने २०२४ साली हैदा या आणखी एका आद्य राष्ट्राची त्यांच्या संपूर्ण द्वीपसमूहावरची मालकी करार करून मान्य केली. त्याच बेटांना दोनशेहून अधिक वर्षे क्वीन शार्लट म्हणत होते. २०१० पासून त्यांचे अधिकृत नाव हैदा ग्वाय, म्हणजे हैदा लोकांची बेटे, असे झाले आहे. तेव्हा ‘आहे’ हेच क्रियापद हवे. ‘मालकीचा’ हा शब्दही अनावश्यक आहे, कारण मराठीतला ‘चा’ हा प्रत्यय एकटाच ते काम करतो. तिघांचा मुलूख एकमेकांत मिसळलेला असल्याने ‘सामाईक’ हा शब्द घालावा असा विचार होता, पण तिघांची नावे एकाच षष्ठीत घेतल्यावर तो अर्थ येतोच.

सध्याचे वाक्य असे झाले आहे: ‘जमीन, नदी आणि खाडी यांसह हा मस्क्विअम, स्क्वामिश आणि त्स्ले-वाटूथ या आद्य राष्ट्रांचा पूर्वापार मुलूख आहे, तो त्यांनी कोणालाही तोडून दिलेला नाही, आणि आज आपण त्यांच्या मुलखात जमलो आहोत.’

स्क्वामिश हे नाव त्यांच्या लिपीत लिहिताना मध्ये ७ चा आकडा येतो. त्या जागी घशात क्षणभर थांबायचे असते. रस्त्यावरच्या पाट्यांवर तो आकडा पाहून अनेकांना छपाईची चूक वाटते. देवनागरीत हा थांबा दाखवायला चिन्ह नाही, म्हणून निवेदन वाचणाऱ्यांनी तिन्ही नावांचे उच्चार आधी नीट ऐकून घ्यावेत, अशी टीप मी वाक्याखाली जोडत आहे. थांब्यासाठी अवग्रह (ऽ) वापरावा की कसे, याबद्दल कोणाला काही सुचत असल्यास कळवावे.